कॅमेऱ्याच्या डाव्या बाजूचा माणूस

मद्रासमधल्या वडपळनीच्या त्या स्टुडिओत सेतुमाधवला नावानं हाक मारणारी माणसं दोन-तीनच. नट-नट्या त्याला ‘वाद्यार’ म्हणत, म्हणजे मास्तर, कारण संवाद घोकून घेणं हे त्याचं काम. स्टुडिओचे मालक नारायणस्वामी त्याला नुसतं ‘राव’ म्हणत. त्यांना स्वतःला मात्र फाटकावरच्या रखवालदारापासून नायिकेपर्यंत सगळे ‘मुदलाळी’च, म्हणजे धनी, म्हणत. आणि ध्वनिमुद्रण करणारा, कानांवरचे हेडफोन न काढताच, सेतुमाधवला ‘साप’ म्हणे. शॉट चालू असताना नटाला पुढचं वाक्य पुरवणारी सेतुमाधवची कुजबुज मायक्रोफोनमध्ये सळसळत शिरायची आणि चांगला जमलेला शॉट वाया जायचा.

“तुझ्या तोंडाला कुलूप घाल, नाहीतर मी माझ्या यंत्राला घालतो,” असं त्यानं एकदा सगळ्यांदेखत सुनावलं. तेव्हापासून सेतुमाधवनं आवाज बंद केला. नुसते ओठ हलवायचे. आणि गंमत अशी की नट मंडळींना ते जास्त सोयीचं गेलं. कॅमेऱ्याच्या डाव्या बाजूला उभा असलेला हा किडकिडीत माणूस ओठांनी वाक्य मांडून दाखवायचा, आणि दिव्यांच्या झगझगाटात उभी असलेली बाई किंवा बुवा ते वाक्य स्वतःच्या आवाजात उचलून घ्यायचे. पडद्यावर बघणाऱ्याला वाटावं, शब्द थेट काळजातून आले.

पण हे सगळं बरंच पुढचं. तंजावरहून तो मद्रासला आला तो चव्वेचाळीस साली, बाविसाव्या वर्षी, आणि त्याच्याजवळ सांगण्यासारखी एकच गोष्ट होती, ती म्हणजे अक्षर. त्याचे वडील जुन्या कागदांच्या नकला करायचे. घरात मराठी बोलायचे, बाहेर तमिळ, आणि दोन्ही सारख्याच वळणदार अक्षरांत लिहायचे. तीच विद्या मुलाच्या बोटांत उतरलेली. स्टुडिओच्या कथाविभागाला असा माणूस हवाच होता. कथाविभाग म्हणजे चिंचेच्या झाडाखालची एक लांबट खोली. चार लेखक चटईवर लोडांना टेकून पानं चघळत गोष्ट रचायचे, एकमेकांची वाक्यं खोडायचे, आणि सेतुमाधवनं ती लिहून घ्यायची. खाली चार कार्बन. शेवटच्या प्रतीवर अक्षर उमटावं म्हणून पेन्सिल इतकी दाबावी लागे, की वर्षभरात त्याच्या मधल्या बोटाला खळगा पडला.

चौघांतले थोरले लेखक लांबलचक वाक्यांचे शौकीन. त्यांची सती-साध्वी निरोप घ्यायची तरी पावणेदोन पानं घ्यायची. एका दुपारी हात फारच भरून आला, म्हणून सेतुमाधवनं साध्वीची तीन वाक्यं गाळली. वाईट हेतू काहीच नव्हता, मनगट दुखत होतं एवढंच. शूटिंगला साध्वीचं काम करणाऱ्या बाईंनी तो निरोप एका दमात म्हटला आणि दिवे धरून उभी असलेली माणसंसुद्धा डोळे पुसू लागली.

संध्याकाळी थोरल्यांनी त्याला बोलावून घेतलं. “ओय तंजावर! माझी तीन वाक्यं कुठे गेली?”

“हात दुखत होता, सार.”

थोरले पान थुंकून म्हणाले, “आता रोज दुखू दे.” आणि जाता जाता, “घरी मराठी, कागदावर तमिळ. तुझ्या स्वप्नात कुठली भाषा चालते रे?”

त्या दिवसापासून तो नकलनवीस राहिला नाही. हळूहळू प्रसंगांची डागडुजी त्याच्याकडे आली, मग अख्खे प्रसंग आले. आणि सगळे संवाद त्यालाच पाठ असत म्हणून फ्लोअरवर उभं राहून ते नटांना पुरवण्याचं कामही आलं.

तिथे त्याची जागा ठरलेली होती. नटीनं समोरच्या पात्राकडे बघायचं असेल, तर तिची नजर नेमकी कुठे टेकली पाहिजे हे कॅमेरामन ठरवी आणि त्याचा मदतनीस तिथे जमिनीवर खडूनं एक वर्तुळ काढी. सेतुमाधवनं त्या वर्तुळात उभं राहायचं. म्हणजे नटी वाक्यासाठी त्याच्या ओठांकडे बघे, आणि पडद्यावर ती नवऱ्याकडे बघते आहे असं दिसे. त्या वर्तुळांत उभा राहून तो इतक्या वर्षांत कुणाकुणाचा नवरा झाला, सासू झाला, एकदा मुरुगनची मूर्ती झाला, आणि एकदा, खरी गाय ऐनवेळी बिथरली म्हणून, गायही झाला.

कृष्णवेणीबाईंचं तर त्याच्यावाचून पान हलत नसे. त्या राजमहेंद्रीकडच्या. आधी नायिका, आता आईच्या भूमिका करत. तमिळ ऐकून-ऐकून उत्तम बोलायच्या, पण अक्षर, तमिळ काय नि तेलुगू काय, त्यांनी कधी गिरवलं नव्हतं. हे सेतुमाधवला पहिल्याच आठवड्यात कळलं होतं. बाईंनी कागद उलटा धरला होता. त्यानं तो त्यांच्या हातातून घेतला, “मी वाचून दाखवतो, डोळ्यांना त्रास नको,” म्हणाला, आणि तो विषय दोघांनीही पुन्हा कधी काढला नाही.

अठ्ठावन्न साली त्याच्या मनात एक गोष्ट तयार झाली. एका घरातल्या आई आणि मुलीची. मुलीला तिरुचीला टेलिफोन ऑपरेटरची नोकरी लागते, आईला ती मंजूर नसते, आणि एका छपराखाली दोघी महिनाभर एकमेकींशी बोलत नाहीत. गोष्ट एवढीच. मुदलाळींच्या घरी गोष्ट ऐकवायची एक पद्धत होती. दुपारचं जेवण झाल्यावर मुदलाळी झोपाळ्यावर बसत, त्यांची बायको खांबाला टेकून, आणि सांगणाऱ्यानं समोर मांडी घालून पहिल्यापासून शेवटपर्यंत, पात्रांच्या आवाजांसकट, गोष्ट सांगायची. मुदलाळी मात्र सांगणाऱ्याकडे बघायचेच नाहीत. त्यांचं लक्ष स्वयंपाकघराच्या दाराकडे. आचारी भांडी टाकून दारात येऊन उभा राहिला, तर गोष्ट पसंत. नाही आला, तर ताक पिऊन घरी जा.

त्या दुपारी आचारी दारात आला, आणि थोड्या वेळानं उंबऱ्यावर बसला.

“दुसऱ्या कुणाला दिली तर तो पुन्हा पुन्हा तुलाच विचारायला येणार,” मुदलाळी म्हणाले. “तूच डायरेक्ट कर, राव.”

कथाविभागातली त्याची चटई दुसऱ्याच आठवड्यात एका नव्या पदवीधराकडे गेली. स्टुडिओचा तसा नियमच होता, एका माणसाला दोन जागा नाहीत. सेतुमाधवला त्याचं काही वाटलं नाही. मैलापूरला देवळाच्या तळ्यामागच्या गल्लीत दोन खोल्यांत तो राहत असे. तिथे त्यानं बायकोला, कनकाला, बातमी सांगितली तेव्हा ती डाळ निवडत होती. ती म्हणाली, “म्हणजे आता तुम्हास उभं राहावं लागणार नाही. डायरेक्टरास खुर्ची असते ना?”

खुर्ची होती, पण तो तिच्यावर बसलाच नाही. पहिल्या दिवशी त्यानं फ्लोअरवर सगळ्यांना एकत्र केलं आणि सांगितलं, की या चित्रपटात कुणी कुणाला वाक्यं पुरवणार नाही, प्रत्येकानं संवाद पाठ करून यायचे. इतकी वर्षं जे काम केलं ते आपल्या चित्रपटात नको, असं त्याला फार मनापासून वाटत होतं. ध्वनिमुद्रकानं टाळी वाजवली. कृष्णवेणीबाईंनी त्याच्याकडे एकदा बघितलं आणि पदर सारखा केला.

चार दिवस तो वाऱ्यासारखा फिरला. कधी खिडकीपाशी, कधी ट्रॉलीवर कॅमेरामनच्या खांद्याला लागून, कधी दिव्याच्या स्टँडमागे. आता त्याच्यासाठी खडूचं वर्तुळ काढायची कुणाची प्राज्ञा नव्हती. संवाद ठीक चालले होते. आईचं काम करणाऱ्या बाई थोड्या अडखळत, मुलीचं काम करणारी सुंदरी नवखी म्हणून बुजत होती, पण वाक्यं येत होती. तो रोज घरी जाताना बसमध्ये स्वतःशी हसायचा.

बुधवारी सकाळी मुदलाळींनी चार दिवसांचे रशेस, म्हणजे न जोडलेले कच्चे शॉट, बघायला मागितले. दिवे गेले, पडदा उजळला. आई मुलीला वाढत होती आणि वाढता वाढता खिडकीकडे बघत होती. पुढच्या शॉटमध्ये मुलगी आईला म्हणत होती, “तू माझ्याशी का बोलत नाहीस?” आणि हे ती छताखालच्या कोपऱ्याला विचारत होती. तिसऱ्या शॉटमध्ये तर दोघी दोन दिशांना. कुणाची नजर कुणावर नाही. चांगली वाक्यं, चांगला प्रकाश, आणि त्या दोन बायका जणू वेगवेगळ्या घरांत बसलेल्या.

दिवे लागले. मुदलाळींनी उपरण्यानं मान पुसली.

“राव, त्या घरात पाल आहे का?”

मागे कुणीतरी फिसकन हसलं. मुदलाळी हसले नाहीत. “सगळे भिंतीकडे बघतायत म्हणून विचारलं. हे बघ. आज सेट बंद. उद्या दिवसभर शूटिंग कर, परवा फिल्म धुऊन येईल. शनिवारी मी पुन्हा बघेन. तेव्हाही पालच दिसली, तर सोमवारपासून दुसरा माणूस मोकळा आहे, त्याला मी निरोप पाठवून ठेवलाय. गोष्ट तुझीच राहील. पाटीवर नाव येईल.”

त्यांनी हे रागानं म्हटलं असतं तर बरं झालं असतं. ते अगदी समजुतीनं म्हणाले. सेतुमाधव बाहेर आला तेव्हा चिंचेखालच्या खोलीतून नव्या पदवीधराचा पेन्सिल तासण्याचा आवाज येत होता. मागे जायला वाट नव्हती.

सोमवारी आपली आई आणि आपली मुलगी दुसऱ्या कुणाच्या हातात जाणार. तो माणूस पहिल्याच दिवशी दोघींना गळ्यात गळा घालून रडवणार, हे सेतुमाधवला डोळ्यांपुढे दिसत होतं.

संकलक वेंकोबा तंजावरचाच, पश्चिम राजवीथीतला, त्याच्याहून दहा वर्षांनी मोठा. त्याच्या खोलीत फिल्म चिकटवायच्या द्रावाचा उग्र वास भरून असायचा. सेतुमाधव दारात येताच तो मान न वळवता म्हणाला, “काय रे सेतू, जेवलास की चुम्माच, रिकामाच हिंडतोस?”

“माझं सगळं गेलं, अण्णा.”

“अजून शनिवार यायचा आहे. बस इथे.” त्यानं फिल्मची पट्टी यंत्रात लावली आणि हातानं सावकाश फिरवली. “ह्या शॉटास तू कुठे उभा होतास?”

“खिडकीजवळ.”

“आणि ह्या?”

“ट्रॉलीवर. उंच.”

“आणि हा, दोघी दोहीकडे बघतात तो?”

सेतुमाधवनं आठवून बघितलं. “मधेच इकडून तिकडे गेलो होतो. दिव्यामागे.”

“मग आता बघ बरं, कोण कुठे बघतं ते.”

त्यानं बघितलं. पुन्हा बघितलं. कृष्णवेणीबाईंची काळीभोर बुबुळं चौकटीमागून चौकट सरकत जात होती, आणि ती जिथे जाऊन थांबत होती तिथे तो स्वतः होता.

“पण मी एक शब्द बोललो नाही,” तो म्हणाला. “शपथ घेतो, अण्णा. मी गप्प होतो.”

वेंकोबानं खांदे उडवले. “ते फिल्मवर दिसत नाही बाबा. फिल्मवर त्या दिसतात.”

संध्याकाळी जेवताना त्याची नऊ वर्षांची मुलगी विजयलक्ष्मी शाळेतली कविता म्हणून दाखवत होती. दोन कडवी झाली, आणि ती पाय आपटून थांबली.

“अम्मा, बघ ना! अप्पा पुढचं पुढचं सांगतात. मग मला माझं आठवत नाही.”

“मी कुठे काय बोललो?” सेतुमाधवचा घास हातातच राहिला.

कनका हसू लागली. इतकी हसली की तिला ताकाचं भांडं खाली ठेवावं लागलं. “अय्यो! तुम्हास ठाऊकच नाही होय? लग्नास अकरा वर्षं झाली. मी तोंड उघडलं की तुमचे ओठ हलतात. मी ‘भात वाढू का’ म्हणायच्या आधी तुमचं म्हणून झालेलं असतं. माझी आई पहिल्यांदा आली तेव्हा घाबरली होती. म्हणाली, जावईबापू मंत्र पुटपुटतात की काय!”

“मग सांगितलं का नाहीस?”

“काय सांगू? मला वाटलं, माझं बोलणं इतकं आवडतं.”

तोही हसला आणि हातातला घास पानात परत ठेवला. सकाळपासून जी पाल भिंतीवर शोधत होता ती त्याच्या स्वतःच्या तोंडात निघाली. फ्लोअरवर तो फिरत होता आणि फिरता फिरता प्रत्येक वाक्य ओठांनी मांडत होता. बाईंची जुन्या सवयीची नजर त्याच्या मागोमाग फिरत होती, आणि बाईंचं बघून नवख्या सुंदरीचीही. वर्तुळ नव्हतं, पण वाद्यार होताच.

गुरुवारी तो तोंडात विडा भरून फ्लोअरवर गेला. विडा चघळतानाही ओठ हललेच, आणि सुंदरीनं चघळण्यातून भलतंच वाक्य उचललं. मग त्यानं तोंडावर रुमाल धरला.

“सापाचा दात दुखतोय का?” ध्वनिमुद्रकानं विचारलं. “लवंग धर.”

रुमाल काम करत होता. नजरा आता भटकत नव्हत्या, पण वाक्यंही येत नव्हती. कृष्णवेणीबाई एका वाक्याच्या मध्यावर थांबल्या, रुमालाकडे बघत राहिल्या. दुसऱ्यांदा थांबल्या. पाचव्यांदा त्यांनी हातातली पळी सावकाश खाली ठेवली आणि आपल्या खोलीत निघून गेल्या. अकरा वाजले होते. अर्धा दिवस गेला होता.

तो मागोमाग गेला. बाई आरशासमोर बसल्या होत्या, केसांना लावलेली पांढरी पावडर तशीच.

“आठ वर्षं,” त्या आरशातल्या त्याला म्हणाल्या, “आठ वर्षं मी तुमच्या तोंडून बोलले. आणि तुम्ही भर सभेत सांगता, पाठ करून या. कशावरून पाठ करू? तुमच्या कागदावर मला मुंग्यांची रांग दिसते. गेले चार दिवस माझी भाची वाचून दाखवते आणि अर्धं चुकीचं सांगते.”

“मला सांगायचं होतंत, अम्मा.”

“तुम्हाला सांगायचं?” त्या वळल्या. “अख्ख्या स्टुडिओत एकट्या तुम्हाला माहीत होतं. मी निर्धास्त होते, की हा माणूस डायरेक्टर झाला, आता माझं ओझं गेलं. आणि विसरलात तेही तुम्हीच.”

पालीचं त्याला हसू आलं होतं, याचं येण्यासारखं नव्हतं. आपल्या चित्रपटात वाक्यं पुरवणारा नको असं म्हणताना, त्या वाक्यांवर कुणीतरी उभं होतं हे त्याच्या मनातसुद्धा आलं नव्हतं. तो खाली चटईवर बसला, कथाविभागात बसत असे तसा.

“वाचून दाखवू?” त्यानं विचारलं.

बाईंनी स्टूल त्याच्याकडे वळवलं.

प्रसंग शेवटच्या रात्रीच्या जेवणाचा. सकाळी मुलगी तिरुचीची गाडी पकडणार, आई तिला वाढते आणि महिन्याभरानं पहिल्यांदा बोलते. त्यानं चार पानं वाचली. मोठ्या आवाजात, ठासून, सगळे चढउतार घेऊन.

“एवढं?” बाई म्हणाल्या.

“महिन्याचं साठलेलं आहे ना.”

“माझी आई माझ्यावर रागावली की एवढं बोलायची नाही. मी नाटकमंडळीत जायला निघाले तेव्हा ती म्हणाली, ‘लोणचं घे.’ बस. पुढे दोन वर्षं मी त्या लोणच्यावर रडले.”

सेतुमाधवनं पेन्सिल काढली. पहिलं पान खोडलं. त्यातलं एक वाक्य वाचवून दुसरंही खोडलं. खोडताना हाताला काही जड जात नव्हतं, हे त्याचंच त्याला नवल वाटलं. शेवटी चार पानांतून तीन वाक्यं राहिली. गाडी किती वाजता आहे? डबा वेगळा बांधलाय. पोचलीस की पत्र लिही.

तीन वाक्यं बाईंना दहा मिनिटांत आली. ती त्यांनी तीन तऱ्हांनी म्हणून दाखवली, आणि मग चहा मागवला. दोघांसाठी.

फ्लोअरवर येऊन सेतुमाधव कॅमेरामनला म्हणाला, “मुलगी जिथे बसणार तिथे बाईंची नजर नेमकी कुठे पडेल ते बघा, आणि मला वर्तुळ काढून द्या.”

“डायरेक्टर वर्तुळात उभा राहणार?”

“बसणार. बाईंना खाली बघायचंय.”

मदतनीसानं जरा संकोचानंच खडू चालवला. सेतुमाधव केळीच्या पानासमोर मांडी घालून बसला. कॅमेरा सुरू झाला. बाईंनी भात वाढला. त्याच्याकडे, म्हणजे त्यांच्या मुलीकडे बघितलं. “गाडी किती वाजता आहे?” आवाज घरातल्या बाईचा होता, नटीचा नव्हता. आमटी वाढली. पळीतला शेवटचा थेंब पडेपर्यंत थांबल्या. “डबा वेगळा बांधलाय.”

सेतुमाधव त्यांच्या हाताकडे बघत होता. पळी धरलेला तो हात किंचित वर राहिला होता, आणखी वाढू की नको अशा अनिश्चित जागी, आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदाच पुढचं वाक्य काय हे त्याच्या डोक्यात नव्हतं. त्याचे ओठ मिटलेले राहिले. बाई थांबल्या. वाक्य त्यांना येत होतं, दहा मिनिटांपूर्वी त्यांनी तीनदा म्हटलं होतं. त्यांनी त्याच्या चेहऱ्याकडे बघितलं, आणि तिथे काहीच मागणं नव्हतं. मग त्यांनी पानाशेजारची जमीन, जी स्वच्छच होती, पदरानं पुसली. पुन्हा पुसली. आणि भांडं उचलून आत गेल्या.

‘कट’ म्हणायचं कुणाला सुचलं नाही. वाढून ठेवलेल्या पानावर कॅमेरा कितीतरी वेळ चालत राहिला.

“तिसरं वाक्य राहिलं,” अखेर कॅमेरामन म्हणाला. “पुन्हा घेऊ?”

आतून कृष्णवेणीबाईंचा आवाज आला, “मी आता पुन्हा वाढणार नाही.”

“नको,” सेतुमाधव म्हणाला. बरोबर केलं की सगळं घालवलं, हे त्याला खरंच कळत नव्हतं. उरलेल्या दुपारी त्यानं आणखी पाच शॉट घेतले, प्रत्येक वेळी वर्तुळ मागून.

शुक्रवार कसा गेला हे कनकालाच माहीत. त्यानं नेसायचं एकच मुंडू दोनदा धुतलं, आणि तिसऱ्यांदा निघाला तेव्हा तिनं ते त्याच्या हातातून काढून घेतलं.

शनिवारी मुदलाळी एकटेच आले. आचाऱ्याला बरोबर आणलं नव्हतं, यानंच सेतुमाधवचं निम्मं अवसान गेलं. वेंकोबानं गुरुवारचे शॉट ओळीनं जोडून ठेवले होते. अंधारात आई वाढू लागली. ती मुलीकडे बघत होती. मुलगी आईकडे बघत होती. दोघी एका घरात होत्या. मग ते थांबणं आलं, आणि पदरानं जमीन पुसणं. प्रोजेक्टरची घरघर तेवढी ऐकू येत होती.

दिवे लागले. मुदलाळी एकदम कडाडले.

“राव, तुला लाज नाही वाटत?”

सेतुमाधव उभा राहिला.

“केळीचं पान उलटं मांडलंय! निमुळतं टोक जेवणाऱ्याच्या डाव्या हाताला नको? बायका थिएटरात हसतील. तंजावरच्या मराठ्यांत पानं उलटी मांडतात का?”

“नाही, मुदलाळी. ते पान माझ्यासमोर... म्हणजे ते...”

“दूरचा शॉट घेशील तेव्हा सरळ मांड.” ते उठले, उपरणं झटकलं. दारापाशी थांबून वेंकोबाला म्हणाले, “ऑफिसात सांग, त्या माणसाला दुसरा निरोप पाठवा. सोमवारी यायचं कारण नाही.” आणि सेतुमाधवकडे न बघता, “सोमवारी शूटिंगचा कॉल किती वाजताचा?”

“आठ,” तो म्हणाला. “आठचा, मुदलाळी.”

“मग साडेसातला ये. पान बघायला.”

ते गेल्यावर सेतुमाधव खुर्चीवर बसला. वेंकोबानं त्याच्या डोक्यावर एक टप्पल मारली, लहानपणी गल्लीत मारत असेल तशी.

तो चित्रपट नऊ आठवडे चालला. फार नाही, कमीही नाही. पुढच्या दहा वर्षांत सेतुमाधवनं आणखी सहा केले, त्यांतले दोन साफ पडले आणि एक इतका चालला की मुदलाळींनी आचाऱ्याला अंगठी केली. त्याच्या चित्रपटांत माणसं कमी बोलतात, असं एका साप्ताहिकानं लिहिलं. ते वाचून थोरल्या लेखकांनी कथाविभागातून निरोप धाडला, “तंजावर, अजून हात दुखतोय वाटतं!” आणि कृष्णवेणीबाई काम सोडेपर्यंत शूटिंगच्या आधी अर्धा तास त्यांच्या खोलीत चटई अंथरलेली असे. तिथे तो वाचायचा, त्या ऐकायच्या, आणि बऱ्याचदा त्याला खोडायला लावायच्या.

पण हे सगळं व्हायचं होतं. त्या शनिवारी दुपारी तो बसमध्ये चढला तेव्हा त्याला एवढंच ठाऊक होतं, की सोमवारी आठला कॉल आहे. कोडंबाक्कमचं रेल्वे फाटक नेहमीप्रमाणे बंद होतं, आणि अडकलेल्या मोटारींत कुणी हिरोइन बसली आहे का बघायला पोरांचे घोळके धावत होते. एरवी तो चडफडला असता. आज त्याला वाटलं, गाडी येऊ दे, सावकाश येऊ दे. खिडकीतून गरम वारा येत होता. शेजारचा म्हातारा दुसऱ्या म्हाताऱ्याला आपल्या सुनेबद्दल काहीतरी लांबण लावून सांगत होता. सेतुमाधवनं डोकं खिडकीच्या दांडीला टेकलं आणि त्याला झोप लागली, आठवड्यातली पहिली धड झोप.

कंडक्टरनं हलवलं तेव्हा बस शेवटच्या थांब्यावर उभी होती. मैलापूर केव्हाच मागे राहिलं होतं आणि समोर समुद्राचा खारा वास येत होता.

“उतरायचं कुठे होतं, सार?”

“मागे,” तो म्हणाला, आणि उतरून चालू लागला. उन्हं कलली होती. चालताना घाई करावी असं त्याला वाटेना. गल्लीच्या तोंडाशी पोचला तेव्हा कनका दारात उभी होती, विजयलक्ष्मीला रस्ता बघायला पाठवण्याच्या बेतात. तिनं त्याला लांबूनच येताना बघितलं, चप्पल हातात, पाय वाळूनं भरलेले.

“पाय धुऊन या,” ती म्हणाली. “भात निवतो आहे.”